‘मांडणशिल्प’ नेमकं कशाला म्हणायचं?

सुरंगी: रत्नागिरीतल्या प्रदर्शनाच्या पाट्या मराठीत करायच्या आहेत. कलाकार फिल्म, शिल्प आणि इन्स्टॉलेशन तिन्हींत काम करते. इन्स्टॉलेशनला ‘मांडणशिल्प’ लिहावं की नुसतं ‘मांडणी’?

खाडीकाठ: ‘मांडणशिल्प’च. ‘मांडणी’ म्हटलं की स्वयंपाकघरातली भांड्यांची मांडणी आधी डोळ्यांपुढे येते. शिल्पाभोवती फिरता येतं, मांडणशिल्पाच्या आत शिरावं लागतं. पारख अशी: दुसऱ्या खोलीत नेऊन ठेवलं आणि काही बिघडलं नाही, तर ते शिल्प. उंची, अंधार, दारापासूनचं अंतर बदलताच अर्थ सुटला, तर मांडणशिल्प. चित्रकार नलिनी मलानी यांचं २०१२च्या ‘डॉक्युमेंटा’ या जर्मनीतल्या कलाप्रदर्शनातलं काम घ्या. आतून रंगवलेले माइलरचे, म्हणजे पातळ प्लास्टिकचे, पाच पारदर्शक दंडगोल फिरत राहतात, प्रोजेक्टरचा उजेड त्यांतून जातो आणि भिंतीवर सावल्या व्हिडिओत मिसळतात. उजेड बंद केला की उरतं ते रंगवलेलं प्लास्टिक.

माटवी: यातला ‘मांड’ तर आपल्या शिमग्यातलाच! खेळ उभा राहतो ती ठरलेली जागा. मांड कोणी उचलून दुसऱ्या वाडीत नेत नाही. म्हणून हा शब्द मला फार नेमका वाटतो.

सुरंगी: आणि फिल्मला ‘चित्रफीत’?

खाडीकाठ: खरी फीत फिरत असेल तरच. १६ मिमीची १०० फूट फीत सेकंदाला २४ चौकटींनी पावणेतीन मिनिटं चालते. पेनड्राइव्हवरून चालणाऱ्या कामाला सरळ ‘व्हिडिओ’ लिहा. हा फरक जपणुकीचाही आहे: दमट हवेत अ‍ॅसिटेट या प्लास्टिकच्या फितीला व्हिनेगरसारखा आंबूस वास सुटतो, ती आकसते, कडेची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांवर बसत नाहीत आणि ती आतच फाटते. व्हिडिओची फाइल आकसत नाही, पण तिची दुसरी प्रत हवीच.

माटवी: साहित्याच्या ओळीत नुसतं ‘धातू’ नको. साधं लोखंड खाऱ्या वाऱ्यात लगेच गंजतं, ३०४ प्रतीच्या स्टेनलेस स्टीलवरही तपकिरी डाग येतात, ३१६ जास्त टिकतं. गंज हाच कामाचा भाग असेल तर ‘गंजलेलं लोखंड’ लिहा, नाहीतर कोणीतरी मनापासून घासून लख्ख करेल. जांभ्याची उघडी भिंत उजेड पिते, चित्र तांबूस आणि खडबडीत दिसतं. गिलाव्यावर चुन्याचे दोन हात द्या. २ मीटर रुंद चित्राला, थ्रो (म्हणजे प्रोजेक्टरचं अंतर भागिले चित्राची रुंदी) १.५ असेल तर, प्रोजेक्टर ३ मीटरवर लागेल.

सुरंगी: मग पाटी अशी: ‘मांडणशिल्प. जांभा, गंजलेलं लोखंड, व्हिडिओ, आवाज. ११ मिनिटं, लूप.’

खाडीकाठ: ‘लूप’ऐवजी ‘अखंड फेरी’. मिनिटं मात्र ठेवाच. माणूस मध्येच आत येतो, किती वेळ थांबायचं ते त्याला कळायला हवं.