मदत हवी आहे: परभाषेतला विनोदी सिनेमा गावात कसा दाखवावा?

मंडळी, आमचं गाव अमळनेर तालुक्यात. यंदा भरीत पार्टीच्या रात्री शाळेच्या पटांगणात पडदा लावून सिनेमा दाखवायचा आहे. माझ्या डोक्यात 'द बँड्स व्हिजिट' आहे (२००७, दिग्दर्शक एरान कोलिरिन). इजिप्तच्या पोलिसांचं वाद्यवृंद पथक कार्यक्रमासाठी इस्रायलला येतं आणि भलत्याच आडगावात उतरतं. जळगावला निघालेला पाहुणा जळगाव जामोदला पोचावा, तसं. दुसऱ्या दिवसापर्यंत बस नाही, गावात लॉज नाही. शेवटी खानावळ चालवणारी दिना सगळ्यांची रात्रीची सोय लावते. सिनेमा दीड तासाच्या आत आटोपतो. बँडवाले आणि रखडलेली वरात आमच्याकडे सगळ्यांनी पाहिलेली आहे, त्यामुळे विषय परका वाटणार नाही.

अडचण भाषेची आहे. पडद्याखालची अक्षरं म्हाताऱ्यांना वाचवत नाहीत. दर दोन मिनिटांनी "काय म्हनी ऱ्हायना रे तो?" सुरू होईल. एका मित्राचं म्हणणं, माईक घेऊन कुणीतरी अहिराणीत सांगत जावं. पण या सिनेमातली मजाच अशी की पाहुणे अरबी बोलतात, गाववाले हिब्रू, आणि एकमेकांशी दोघंही मोडक्यातोडक्या इंग्रजीत. (इंग्रजी इतकं झालं की ऑस्करच्या परभाषिक गटातून तो बाद ठरला होता.) सगळेच फर्डी अहिराणी बोलायला लागले तर कुणी परकं उरतच नाही, मग अवघडलेपण कुठून येणार?

मला सुचलं ते असं: गाववाल्यांना अहिराणी, बँडवाल्यांना पुस्तकी मराठी, आणि आपसातलं इंग्रजी तोडकीमोडकी हिंदी करून सांगायचं. एकट्या माणसाला हे झेपेल का? की आधी दहा मिनिटं गोष्ट सांगून नंतर गप्प बसावं? स्केटिंगच्या प्रसंगात तर बोलणाऱ्याने तोंड उघडूच नये. तिथे बँडमधला खालेद शेजारी बसून एका बुजऱ्या पोराला मुलीशी कसं वागायचं ते नुसत्या हातवाऱ्यांनी शिकवतो. ज्येष्ठांसमोर थोडं लाजायला होईल, पण पोट धरून हसतील.

कुणी गावात असं थेट निवेदन केलं आहे का? दोन जण लागतात का?

दुसरं, तिकीट नसलं तरी जाहीर खेळाला हक्कदाराची परवानगी लागते, एवढं माहीत आहे. परदेशी सिनेमासाठी ती कुणी घेतली असेल तर पत्र कुणाला लिहिलं आणि खर्च साधारण किती आला, ते सांगा. वर्गणी त्या हिशोबाने काढावी लागेल.