आफेवर्क तेक्ले: आधुनिक चित्रकार की दरबारी?

कुंचला (धागाकर्ता):
इथिओपियाच्या आधुनिक चित्रकलेचा विषय निघाला की आफेवर्क तेक्ले (१९३२–२०१२) यांचे नाव सर्वप्रथम घेतले जाते, हे मला पटत नाही. १९४७ मध्ये खाणकाम अभियांत्रिकीसाठी इंग्लंडला गेलेला मुलगा स्लेड कलाशाळेत शिकून चित्रकार होऊन परतला, इथवर कौतुकच आहे. पण राजधानी आदिस अबाबातील आफ्रिका हॉल या संयुक्त राष्ट्रांच्या आफ्रिका आर्थिक आयोगाच्या इमारतीमधील त्यांची सुमारे १५० चौरस मीटरची काचचित्रे पाहा. भूतकाळ, वर्तमान व भविष्य अशा तीन खिडक्यांपैकी शेवटचीत इथिओपियन वेशातले कुटुंब सर्वांच्या पुढे, आणि संयुक्त राष्ट्रांच्या नावाने चक्क चिलखतधारी योद्धा! यजमान व पाहुणे दोघांनाही खूश करण्याचा हा प्रकार आहे. याउलट त्यांचे समकालीन इथिओपियन चित्रकार गेब्रे क्रिस्तोस देस्ता जर्मनीतील कोलोनहून अमूर्त चित्रकला घेऊन आले, ‘ही आपली कला नव्हे’ ही टीका सोसूनही त्यांनी वाट सोडली नाही आणि १९८१ मध्ये ते अमेरिकेत परागंदा अवस्थेत वारले. खरे आधुनिक तेच.

तिरकी_रेघ:
असहमत. राजाश्रय हाच निकष असेल, तर सम्राट हैले सेलासींच्या नावाचा पुरस्कार देस्तांनाही मिळाला होता, तोही तेक्ले यांच्यानंतर वर्षभराने, १९६५ मध्ये. शिवाय देस्ता सरकारी कलाशाळेत शिकवत होते. चर्च आणि दरबार वगळता मोठे काम देणारे तिथे होते तरी कोण? ज्या चित्रकाराचे बालपण इटलीच्या कब्जात (१९३६–४१) गेले, त्याने स्वतंत्र आफ्रिकेच्या अग्रभागी आपली माणसे रंगवली, यात मला लाचारी दिसत नाही. योद्धा मात्र मलाही खटकतो.

कुंचला:
पुरस्कार घेणे वेगळे आणि सम्राटाच्या वडिलांचा, रास मकोन्नेन यांचा, अश्वारूढ पुतळा हरारमध्ये उभारणे वेगळे. २०२० मध्ये जमावाने तो पाडला, तो उगाच नव्हे.

तिरकी_रेघ:
तो राग जुन्या सत्तेवरचा होता. त्यावरून शिल्पाची प्रत कशी ठरवणार? १९६३ मध्ये आफ्रिकी एकता संघटनेच्या सनदेवर ३२ देशांनी त्याच आफ्रिका हॉलमध्ये सह्या केल्या, म्हणून काचचित्रे थोर ठरतात असे मीही म्हणत नाही. आश्रयदाता बाजूला ठेवून रचनेविषयी, रंगांविषयी तुमचा आक्षेप काय आहे, ते अजून कळलेले नाही.