अडतीसाव्या वर्षी पिशवी काढायची? वहिनीच्या निमित्ताने

तापीकाठची :
आखाजीला माहेरी आले, अमळनेर तालुक्यात. झोका, सांजोऱ्या सगळं बाजूला आणि घरात एकच विषय : वहिनीची पिशवी, म्हणजे गर्भाशय. वहिनीचं वय ३८, दोन मुलं. दोन वर्षांपासून पाळी आली की आठ-दहा दिवस जाते, गाठी पडतात. हिमोग्लोबिन ७.८. सोनोग्राफीत ‘बल्की युटेरस’ आणि दोन सेंटिमीटरची एक गाठ. डॉक्टरांनी रिपोर्टवर नजर टाकली आणि म्हणाले, “काढून टाका. उद्या कॅन्सर झाला म्हणजे?” दादा लगेच सोमवारची तारीख घेऊन आला. आईचं म्हणणं, “पोरे व्हयनात ना दोन, आते तिनं काय काम शे?” वहिनी गच्चीवर कुरडया घालत होती. तिला कोणी विचारलंच नाही.

माझं मत स्पष्ट आहे. सोमवार रद्द करा. थायरॉइड तपासलेलं नाही, पिशवीच्या अस्तराचा तुकडा काढून तपासलेला नाही, गोळ्यांचा एक कोर्ससुद्धा झालेला नाही. ‘बल्की’ म्हणजे पिशवी जरा मोठी दिसते, एवढंच. दोन बाळंतपणांनंतर ती तशी दिसू शकते. दोन सेंटिमीटरच्या फायब्रॉइडची गाठ कितीतरी बायकांना असते, पाळी गेल्यावर ती बहुधा आक्रसते. तिचा कॅन्सर होणं अगदी विरळा. कॅन्सरची भीती घालून ऑपरेशन ठरवणं मला पटत नाही. तुमचं काय मत?

खुरपंवाली :
ताई, तुम्ही पुण्या-मुंबईला राहता वाटतं. माझी ३६व्या वर्षी काढली, नऊ वर्षं झाली, एक दिवस पस्तावले नाही. आम्ही दिवाळीनंतर गुजरातेत ऊसतोडीला जातो, बारडोलीकडे. पालात न्हाणी नाही, उसाच्या फडात आडोसा नाही. डोक्यावर मोळी आणि खाली रक्ताने भिजलेलं लुगडं, असे चार हंगाम काढले. खाडा केला की मुकादम पैसे कापतो. गोळ्या घेतल्या होत्या हो. घेतल्या की थांबायचं, सोडल्या की पुन्हा तेच. आणि डॉक्टर म्हणणार, तीन महिन्यांनी दाखवायला या. तीन महिन्यांनी मी कुठल्या फडात असेन ते मलाच ठाऊक नसतं. तुमचे ते पर्याय एका जागी राहणाऱ्या बाईसाठी आहेत.

जिल्ह्यातला डॉक्टर :
खुरपंवाली ताईंचा मुद्दा धागाकर्तीने उडवून लावू नये. ओपीडीत रोज ऐकतो, “साहेब, एकदाची काढूनच टाका.” नाही म्हटलं तर दुसऱ्या दवाखान्यात जाऊन काढून येतात. पर्यायांचं गुणगान करणाऱ्यांनी हेही सांगावं : फिनलंडमध्ये जास्त रक्तस्रावाच्या २३६ बायकांचे चिठ्ठ्या टाकून दोन गट केले होते. एका गटाला पिशवीत बसवायचं हार्मोनचं साधन दिलं, दुसऱ्याचं ऑपरेशन केलं. साधन बसवलेल्यांपैकी ४२ टक्के बायकांची पाच वर्षांत पिशवी काढावी लागलीच.

तापीकाठची :
म्हणजे ५८ टक्के बायकांची वाचली ना, डॉक्टरसाहेब?

जिल्ह्यातला डॉक्टर :
हो, तसंही वाचता येतं. आणि दोन्ही गट शेवटी जवळपास सारखेच समाधानी होते, म्हणून मी कुठल्याच बाजूला हट्ट धरत नाही. पण कॅन्सरच्या भीतीबद्दल तुमच्याशी सहमत. ३८व्या वर्षी, अस्तराची तपासणी न करता, ‘उद्या होईल’ म्हणून पिशवी काढणं हे वैद्यकशास्त्र नाही. पांढरं जातं म्हणून काढणं तर त्याहून वाईट, ते औषधाने बरं होतं. पिशवी काढलीच पाहिजे अशी कारणं वेगळी : कॅन्सर किंवा तपासणीत कॅन्सरपूर्व बदल सापडणं, फार मोठ्या गाठी, औषधांना दाद न देणारा रक्तस्राव, अंग पूर्ण बाहेर येणं. अंग थोडं बाहेर येत असेल तर रिंग बसवूनही निभावतं.

केळीबाग :
पिशवी काढली की बाईची कंबर कायमची जाते. आमच्या रावेरकडे सगळे हेच म्हणतात.

निवृत्त सिस्टर, धुळे :
केळीबाग, कंबर पिशवीने जात नाही. जाते ती अंडाशय काढल्याने. हाडं ठिसूळ होतात, अंगातून वाफा निघतात, हृदयालाही धोका वाढतो. पिशवी एक आणि अंडाशय वेगळे, हेच लोकांना माहीत नसतं. पाळी थांबते पिशवी गेल्याने. पण अंडाशय गेले तर बाई एका रात्रीत म्हातारपणाच्या दारात उभी राहते. वॉर्डात मी हे फार पाहिलंय. म्हणून कुठलीही बाई ऑपरेशनला निघाली की मी एकच विचारते, अंडाशय ठेवणार का?

खुरपंवाली ताई, तुमचे ठेवले होते का?

खुरपंवाली :
ते कसं कळणार?

निवृत्त सिस्टर, धुळे :
डिस्चार्ज कार्ड असेल ना?

एक नवरा :
सिस्टर, इथे जरा थांबतो. चर्चेत नवऱ्याला खलनायक केलंय. सही माझी लागते, कर्ज मी काढतो, रात्री दोन वाजता गाडी मी शोधतो. रक्त पाहिलं की माणूस घाबरतो, डॉक्टर सांगेल ते ऐकतो. दादाचं काय चुकलं?

निवृत्त सिस्टर, धुळे :
घाबरण्यात काही चूक नाही. पण सही तुमची लागते हा समज काढा. बाई सज्ञान आणि शुद्धीवर असेल तर संमती तिचीच. समीरा कोहली यांचा खटला आठवा. भूल दिलेली असताना आईची संमती घेऊन त्यांची पिशवी आणि अंडाशय काढले होते. सुप्रीम कोर्टाने २००८मध्ये सांगितलं, ही संमतीच नव्हे. संमती तपासणीची असेल तर तेवढ्यावर पिशवी काढता येत नाही, आणि पर्याय कोणते हे आधी सांगायला लागतं.

आणि डॉक्टरसाहेब, बायकाच मागतात हे अर्धंच खरं. बीडमध्ये २०१९च्या सरकारी समितीने ८२ हजारांवर ऊसतोड बायकांची पाहणी केली, तेव्हा १३ हजारांहून जास्त जणींची पिशवी काढलेली निघाली. एवढ्या सगळ्या आपणहून मागायला आल्या? २०२३मध्ये सुप्रीम कोर्टाने सगळ्या राज्यांना विनाकारण पिशवी काढणं रोखायची केंद्राची नियमावली तीन महिन्यांत लागू करायला सांगितली, ती उगाच नाही.

जिल्ह्यातला डॉक्टर :
बीडबद्दल बचाव करणार नाही.

खुरपंवाली :
कार्ड सापडलं, ट्रंकेत होतं. इंग्रजीत आहे. पोराने वाचलं, टीएएच, मग विथ बीएसओ.

जिल्ह्यातला डॉक्टर :
ताई, याचा अर्थ दोन्ही अंडाशयही काढलेत. ३६व्या वर्षी, तेही कारण लिहिलेलं नसेल तर, नको होतं. हाडांची तपासणी करून घ्या, कॅल्शियम आणि ड जीवनसत्त्व सुरू करा. हार्मोनची औषधं अजून देता येतील का ते स्त्रीरोगतज्ज्ञांना विचारा. धुळे, जळगाव किंवा नंदुरबार, जवळ असेल त्या शासकीय महाविद्यालयात दाखवा.

खुरपंवाली :
अंगातून वाफा निघायच्या तेव्हा मला वाटायचं उन्हाचं असेल. गुडघे दुखतात ते मोळीने असेल. राग आला, खोटं कशाला सांगू. माझं मत मात्र तेच. मला पिशवी नको होती आणि आजही नको. पण दुसरं जे काढलं ते विचारून काढायचं होतं.

चाळीसगावची :
माझा अनुभव लिहिते. साधन बसवून दोन वर्षं झाली. ही तांबी नव्हे, तांबीने उलट रक्त वाढू शकतं. पहिले चार महिने रोज थोडं थोडं लागायचं, नवरा म्हणाला काढून फेक. आता पाळी जवळजवळ नाहीच. पैसे एकदाच लागतात, पण काही हजार, आणि मजुरीवाल्या बाईला ते एकदम काढणं जड आहे, हे मान्य.

तापीकाठची :
पुढे काय झालं ते सांगते. सोमवार रद्द केला, दादा दोन दिवस बोलला नाही. जिल्ह्याला दाखवलं. थायरॉइड वाढलेलं निघालं, त्याची गोळी सुरू झाली. रक्तासाठी लोहाची इंजेक्शनं, पाळीच्या दिवसांत रक्त कमी करणाऱ्या गोळ्या. अस्तराचा तुकडा तपासायला गेलाय, रिपोर्ट गुरुवारी. रिपोर्टमध्ये काही निघालं तर पिशवी काढायचीच, यावर वहिनीचं आणि माझं एकमत आहे. नाही निघालं तर आधी गोळ्या, मग साधन, मग बघू.

खुरपंवाली ताईंचं सगळं वहिनीला वाचून दाखवलं. गुरुवारी दादा एकटाच रिपोर्ट आणायला निघणार होता. ती म्हणाली, “पोट मनं शे ना? मंग डॉक्टरले मीच ईचारसू.”

खुरपंवाली :
रिपोर्ट आला की लिहा. आणि तिला सांगा, अंडाशयाचं पहिल्यांदा विचार.