मदत हवी आहे : स्वतःच्या प्रदेशावरील माहितीपटांत दिसणाऱ्या नामवंत व्यक्ती

नमस्कार. एखादी नामवंत व्यक्ती स्वतःच्या प्रदेशावरील माहितीपटात दिसते, तेव्हा ती त्या प्रदेशाची साक्षीदार असते की केवळ ओळखीचा चेहरा, या प्रश्नावर मी लेख लिहीत आहे. माझ्यासमोरचे मुख्य उदाहरण स्कॉटलंडचे अभिनेते शॉन कॉनरी यांचे आहे. एडिनबरोच्या फाउंटनब्रिज या कामगारवस्तीत १९३० साली जन्मलेल्या आणि तरुणपणी त्याच शहरात घरोघरी दूध पोहोचवणाऱ्या कॉनरी यांनी, जेम्स बाँड म्हणून जगभर गाजत असताना, १९६७ साली ग्लासगोच्या फेअरफील्ड जहाजबांधणी कारखान्यातील कामगार आणि व्यवस्थापन यांच्या संबंधांवर माहितीपट दिग्दर्शित केला व त्यात ते स्वतः निवेदक म्हणून पडद्यावर आले. १९८२च्या दुसऱ्या माहितीपटात त्यांनी जन्मशहराची ओळख करून दिली. मला पहिला अधिक मोलाचा वाटतो, कारण तिथे आठवणींपेक्षा प्रश्न मोठा आहे. (पर्यटनाच्या जाहिरातींत झळकणारे तारे मी मुद्दाम वगळले आहेत.)

ज्यांत कलावंत, खेळाडू किंवा राजकारणी आपल्या प्रदेशाच्या अडचणींविषयीही पडद्यावर बोलले आहेत, असे अन्य माहितीपट कुणाला माहीत असल्यास, शक्यतो निर्मितीवर्षासह आणि ते आज कुठे पाहता येतील या माहितीसह, कृपया कळवावे.