थर्मोस्टॅटला सी तार नाही, ऐन थंडीत पहाटे फर्नेस बंद पडते: मदत हवी आहे

नमस्कार. न्यू जर्सीतले १९७८ साली बांधलेले घर आम्ही गेल्या उन्हाळ्यात विकत घेतले. तळघरात घर तापवणारी गॅसची फर्नेस आणि बाहेर एसीचे युनिट असून दोन्ही पॅसेजमधल्या एकाच जुन्या, गोल थर्मोस्टॅटवर (तापमान नियंत्रकावर) चालत असत. तो उघडला तेव्हा आत धातूच्या पट्टीची गुंडाळी आणि तिला बसवलेली पाऱ्याची काचेची इवलीशी नळी दिसली; खोली गार झाली की गुंडाळी वळते, नळी कलंडते आणि पाऱ्याचा थेंब आतल्या दोन टोकांना जोडून फर्नेस सुरू करतो. पारा कचऱ्यात टाकता येत नाही, म्हणून तो तसाच डब्यात घालून घातक कचऱ्याच्या संकलनासाठी बाजूला ठेवला आहे.

त्याच्या जागी नोव्हेंबरमध्ये मी वायफायवर चालणारा नवा थर्मोस्टॅट बसवला. आधी ब्रेकर बंद केला, जुन्या तारांचा फोटो काढला, आणि मगच लाल तार आरला (वीज), पांढरी डब्ल्यूला (फर्नेस), पिवळी वायला (एसी) व हिरवी जीला (पंखा) जोडली. सीचे, म्हणजे वीज परत नेणाऱ्या सामाईक तारेचे, टोक रिकामेच राहिले, कारण जुन्या थर्मोस्टॅटला पाचवी तार नव्हतीच. सुरुवातीचे काही आठवडे सगळे सुरळीत चालले. पण बाहेरचे तापमान १५ अंश फॅरनहाइटपर्यंत उतरू लागल्यापासून पहाटे थर्मोस्टॅटची स्क्रीन काळी पडते आणि फर्नेस थांबते. साताऱ्याहून आई-बाबा आले आहेत आणि बाबांना दमा आहे, त्यामुळे हा प्रश्न माझ्यासाठी केवळ गैरसोयीचा राहिलेला नाही.

देखभालीसाठी बोलावलेला तंत्रज्ञ थर्मोस्टॅट न उघडताच, नवी केबल ओढावी लागेल आणि त्यासाठी भिंत फोडावी लागेल, असे सांगून गेला. मला ते पटले नाही. मी थर्मोस्टॅटची मागची पट्टी काढून पाहिली, तर केबलच्या वेष्टनाभोवती एक निळी तार गुंडाळून ठेवलेली आढळली. फर्नेसच्या बाजूलाही तशीच निळी तार आहे, मात्र तिथल्या सीच्या स्क्रूवर बाहेरच्या युनिटकडे जाणारी एक तार आधीपासून आहे. त्याच स्क्रूखाली दुसरी तार घातलेली चालते का? शिवाय भिंतीतल्या तारांच्या भोकातून बोटाला गार वारा लागतो, आणि शेजारच्या तापमापकावर ७० अंश असताना थर्मोस्टॅट ६६ दाखवतो. या दोन गोष्टींचा संबंध असेल का? आई थंडी वाजली की थेट ८० अंश लावते, त्याने घर लवकर तापते का, हेही जाणकारांनी कृपया सांगावे.

प्रतिसाद

ताई, भिंत फोडू नका. आपल्या थर्मोस्टॅटला सीच्या तारेतून अखंड वीज मिळत नाही, म्हणून तो फर्नेसच्या आणि एसीच्या तारांतून थोडीथोडी वीज घेऊन आतली बॅटरी भरतो. कडाक्याच्या थंडीत फर्नेस तासन्‌तास चालू राहिली की तेवढी वीज पुरेनाशी होते. सीच्या एकाच स्क्रूखाली दोन तारा चालतात, फक्त दोन्ही घट्ट बसल्या पाहिजेत. मात्र दोन्हीकडची निळी तार एकाच केबलमधली आहे ना, याची खात्री आधी करून घ्या, कारण रंग हा केवळ संकेत असतो, पुरावा नव्हे. काम संपेपर्यंत ब्रेकर बंदच ठेवा. आर आणि सी एकमेकांना चुकून जरी टेकले तरी फर्नेसच्या बोर्डावरचा फ्यूज उडतो. मग फर्नेसचे दार नीट बसवून ब्रेकर चालू करा, कारण दार उघडे असताना तिथला सुरक्षेचा स्विच वीज तोडतो, आणि थर्मोस्टॅटपाशी आर व सीमधला एसी (प्रत्यावर्ती प्रवाहाचा) व्होल्टेज मल्टिमीटरने मोजा. तो २४ ते २८ यायला हवा.

भोकाचे म्हणाल, तर भिंतीच्या पोकळीतली गार हवा सेन्सरला लागते आणि तो खोलीऐवजी भिंतीचेच तापमान मोजत बसतो. भोक पुट्टीने बुजवा.

८० लावल्याने घर लवकर तापत नाही. साध्या फर्नेसमधून येणाऱ्या हवेची उष्णता तेवढीच राहते, फक्त फर्नेस जास्त वेळ चालते. रात्री ७ ते १० अंशांनी तापमान उतरवून ८ तास ठेवल्यास वर्षाला १० टक्क्यांपर्यंत बचत होऊ शकते, असे अमेरिकेचा ऊर्जा विभाग सांगतो. पण बाबांना दमा असताना मी तो हिशेब करणार नाही. ७० अंशांवर स्थिर ठेवा आणि आईंसाठी वरची मर्यादा ७२ वर लॉक करा.

धागाकर्तीचा प्रतिसाद

मनापासून आभार. दोन्ही टोकांची केबल एकच निघाली. शनिवारी निळी तार जोडली, मल्टिमीटरवर २६ व्होल्ट आले, आणि भोकही बुजवले. तीन रात्री स्क्रीन एकदाही काळी पडलेली नाही, आणि थर्मोस्टॅट व तापमापक यांत आता एकाच अंशाचा फरक उरला आहे. मर्यादा लॉक करण्याआधी आईला समोर बसवून सगळे समजावून सांगितले.