जुन्या दिवाळी अंकातलं यंत्रमानवाचं व्यंगचित्र: साल कसं काढायचं, पान कसं टिकवायचं?

गुहागरची_खाडी
माळ्यावर दिवाळी अंकाची सुटी पानं मिळाली, मुखपृष्ठ गायब. एका पानावर व्यंगचित्र: पत्र्याचा यंत्रमानव पदर खोचून भांडी घासतोय, नवरा पेपरात तोंड घालून बसलाय आणि बायको चहाचा कप यंत्रमानवापुढे धरतेय. कडेला बुरशी, पिना गंजलेल्या. साल कसं कळेल? लॅमिनेट करून भिंतीवर लावू का?

चिरेबंदी
लॅमिनेशन अजिबात नको. गरम करून चिकटवलेलं प्लास्टिक परत सुटत नाही. सेलोटेपही नको, त्याचा गोंद तपकिरी होऊन कागदात उतरतो.

बुरशी ओलसर असताना पुसलीत तर आत मुरेल. पान सावलीत वाळू द्या, मग मास्क लावून अंगणात मऊ, कोरड्या ब्रशने मधून कडेकडे झटका. हे काम दिवाळीनंतरचं. पावसाळ्यात हात लावू नका. पिनांची टोकं मागून सरळ करून मगच काढा, ओढल्यात तर गंजाने कुजलेला कागद फाटेल. पिवळेपणा राहू द्या. ब्लीचने कागदाचा भुगा होतो.

रद्दीतलं_सोनं
सालासाठी मागच्या जाहिराती बघा. किमती आण्यांत असतील तर बहुधा एप्रिल १९५७ पूर्वीचा अंक. 'न. पै.' (नये पैसे) असेल तर १९५७ ते ६४. पत्त्यात सहा आकडी पिनकोड असेल तर ऑगस्ट १९७२ नंतरचाच. नुसतं 'मुंबई ४' (जुना टपाल विभाग क्रमांक) असेल तर खात्री नाही, लोक नंतरही तसंच लिहीत. यंत्रमानवावरून साल ठरवू नका: 'रोबो' हा शब्द चेक लेखक कारेल चापेकच्या १९२० च्या नाटकातला, आणि अमेरिकेत 'जेटसन्स' या कार्टून मालिकेतली यंत्रमानव मोलकरीण रोझी १९६२ पासून घरकाम करतेय.

बाकी, यंत्रालाही पदर खोचायला लावलाय! भांडी बाईनेच घासायची, हे चित्रकारानेही धरूनच चाललंय.

चिरेबंदी
पण चहा कुणाला मिळतोय ते बघा की!

देवगड_स्कॅन
६०० डीपीआयवर रंगीत स्कॅन करा, टिफ (TIFF) फाइलमध्ये ठेवा. पानामागे काळा कार्डपेपर घाला, म्हणजे मागची छपाई उमटत नाही. छपाईच्या ठिपक्यांमुळे जाळी दिसेल. डीस्क्रीन (ही जाळी घालवणारा फिल्टर) फक्त प्रिंटच्या कॉपीवर लावा, मूळ फाइलवर नको.

भिंतीवर प्रिंटच लावा. माउंट (चित्राभोवतीची जाड पुठ्ठ्याची चौकट) घालून काच कागदापासून थोडी दूर ठेवा आणि फ्रेमच्या मागे खालच्या कोपऱ्यांत बुचाचे तुकडे चिकटवा, हवा खेळते. पावसाची झड लागणारी बाहेरची भिंत टाळा, जांभ्याचा चिरा पाणी ओढतो.

मूळ पान आम्लविरहित फोल्डरमध्ये, झाकणाच्या डब्यात, सोबत सिलिका जेल. निळे दाणे गुलाबी झाले की तापवून परत वापरा. डांबरगोळ्यांवर विसंबू नका, कागद खाणारी कसर दमट जागीच वाढते.