काळ्या जमिनीवरील घराच्या भिंतींना तडे

प्रश्न: यवतमाळजवळ काळ्या जमिनीवर बांधलेल्या आमच्या घरात खिडक्यांच्या कोपऱ्यांतून तिरपे तडे गेले असून, ते उन्हाळ्यात रुंदावतात आणि पावसाळ्यात जवळजवळ मिटतात. याचे कारण काय असावे?

उत्तर १: या मातीतील माँटमोरिलोनाइट हे खनिज पाणी शोषून फुगते व वाळल्यावर आकसते; घराच्या मध्यभागाखालची ओल टिकते, कडेची मात्र ऋतूनुसार बदलते, त्यामुळे पाया सर्वत्र सारखा हलत नाही आणि भिंत तडकते. नुसते सिमेंट भरणे व्यर्थ आहे.

उत्तर २: कडेची ओल कमी-जास्त करणारी भिंतीलगतची मोठी झाडे आणि गळकी मोरी आधी तपासावी.

उत्तर ३: नव्या बांधकामासाठी रुरकीच्या केंद्रीय भवन संशोधन संस्थेने विकसित केलेले, तळाशी कंदासारखे फुगीर असलेले अंडर-रीम्ड पाइल (पायासाठी जमिनीत उभे केलेले काँक्रीटचे खांब) मला सर्वांत विश्वासार्ह वाटतात, कारण ते साधारण ३.५ मीटर खोल, ओल फारशी न बदलणाऱ्या थरात रोवलेले असतात.